लोकायुक्तांचे हात कुठवर पोहोचतात?

समजा, श्रीवर्धन तालुक्यातल्या दिघीत एखादं सरकारी काम कागदावर पूर्ण दिसतं आणि जागेवर अर्धवट आहे. अधिकाऱ्याने पैसे खाल्ले, असा संशय आहे. अशा वेळी लोकायुक्तांकडे जाता येतं. पण वेळेत.

महाराष्ट्राचा लोकायुक्त कायदा 1971 चा. गैरकारभारामुळे झालेल्या अन्यायाची तक्रार, ती कृती कळल्यापासून 12 महिन्यांत करावी लागते. भ्रष्टाचाराच्या आरोपाला मुदत 3 वर्षांची, तीही कृती घडल्या दिवसापासून. म्हणजे घोटाळा चौथ्या वर्षी उघडकीला आला, तर तक्रारदाराची वाट अडते. सोबत प्रतिज्ञापत्रही लागतं.

कायदा लोकायुक्तांना तक्रारीवाचूनही चौकशीची मुभा देतो. शेजारच्या कर्नाटकात मात्र याच अधिकारावरून वाद पेटला. तिथले लोकायुक्त संतोष हेगडे यांनी बेलेकेरी बंदरातल्या बेकायदा लोहखनिजाच्या प्रकरणानंतर जून 2010 मध्ये राजीनामा दिला. स्वतःहून चौकशीचे अधिकार मिळावेत, ही त्यांची जुनी मागणी होती. पुढे त्यांनी राजीनामा मागे घेतला.

आपल्याकडची मोठी उणीव वेगळी. 1971 च्या कायद्याने मुख्यमंत्र्यांना कक्षेबाहेरच ठेवलं. नव्या विधेयकाने त्यांना आत आणलं. विधानसभेने ते डिसेंबर 2022 मध्ये, विधान परिषदेने डिसेंबर 2023 मध्ये मंजूर केलं. मात्र चौकशीसाठी विधानसभेच्या दोन तृतीयांश सदस्यांची संमती हवी. बहुमतावर बसलेल्या नेत्याविरुद्ध ती मिळणं जवळपास अशक्यच.

ही अट सैल व्हायलाच हवी. तोवर तक्रारदारांनी कागदपत्रं जपावीत, तारखा लिहून ठेवाव्यात आणि मुदत उलटू देऊ नये.