चक्रं मोजणारं दार

घरात कुणाचा पासपोर्ट असेल तर तो काढा आणि फोटोचं पान उघडा. तळाशी दोन ओळी दिसतील: अक्षरं, आकडे आणि अधूनमधून बाणाच्या टोकासारखी चिन्हं. प्रत्येक ओळीत बरोबर ४४ जागा. या ओळी आपल्यासाठी छापलेल्याच नाहीत, त्या यंत्रासाठी आहेत, आणि जगातला जवळपास प्रत्येक देश त्या एकाच ठशात छापतो. दुसऱ्या ओळीत तुमची जन्मतारीख सापडेल, पण उलटी लिहिलेली: आधी वर्ष, मग महिना, मग दिवस. सहा आकडे. त्यांना चिकटून एक सातवा आकडा असतो आणि त्याचा तुमच्या जन्माशी काही संबंध नसतो. तो राखणीला बसवलेला आहे.

समजा, एखाद्याचा जन्म १५ ऑगस्ट १९४७ चा. त्याच्या पासपोर्टवर ४७०८१५ असं येईल. यंत्र या आकड्यांना ओळीनं ७, ३, १, ७, ३, १ नी गुणतं. येतात २८, २१, ०, ५६, ३ आणि ५. बेरीज ११३. शेवटचा आकडा ३, आणि तोच सातव्या जागी छापलेला असतो. आता पान जरा मळलं असेल आणि यंत्रानं ४७ च्या जागी ७४ वाचलं, तर बेरीज १२५ होईल, शेवटी ५ येईल. छापलेला ३ आणि आलेला ५ जुळत नाहीत म्हटल्यावर यंत्र तिथल्या तिथे थांबतं. पासपोर्टचा नंबर आणि मुदत संपण्याची तारीख यांच्या मागेही असाच एकेक आकडा असतो. तुमचा पासपोर्ट घेऊन हे गणित करून बघा. जुळलं की अंगावर काटा येतो. इतकी वर्षं कपाटात पडलेल्या वहीत हे चाललेलं होतं!

या दोन ओळी आता एका नव्या दारासमोर वाचल्या जातात. त्या दाराबद्दल कुरुंदवाड, शिरोळ, जयसिंगपूर भागातल्या घरांनी जाणून घ्यायला हवं, कारण परदेशी जाणं आपल्याकडे आता नवलाचं राहिलेलं नाही. मुलगा पुण्याहून कंपनीमार्फत बाहेर जातो, मुलीच्या बाळंतपणाला आई जाते, मागाहून बाबा. उजळाईवाडीच्या विमानतळावरून परदेशाचं विमान नाही, म्हणून रात्रीच्या ट्रॅव्हल्सनं किंवा जयसिंगपूरला महालक्ष्मी एक्स्प्रेस धरून मुंबई गाठायची. रात्रभर जागून आलेली ही माणसं विमानतळावर पुन्हा रांगेत उभी राहतात.

पूर्वी हे काहीच नव्हतं. कुरुंदवाडच्या संस्थानिकांच्या पदरी घोडे शिकवणारे विष्णुपंत छत्रे यांनी १८८० साली ग्रेट इंडियन सर्कस उभी केली आणि पुढे माणसं-जनावरांसह तिला समुद्रापार सिलोनलाही नेलं. त्या सगळ्या लवाजम्याला पासपोर्ट दाखवण्याची सक्ती नव्हती. ती आली पहिल्या महायुद्धात, आणि १९२० साली हिंदुस्थानात पासपोर्टचा कायदा झाला. म्हणजे सीमेवर कागद दाखवण्याची ही रीत पुरती दीडशे वर्षांचीही नाही.

आता नवं दार. केंद्रीय गृहमंत्रालयानं २२ जून २०२४ रोजी दिल्ली विमानतळावर ‘फास्ट ट्रॅक इमिग्रेशन – ट्रस्टेड ट्रॅव्हलर प्रोग्रॅम’ सुरू केला. जानेवारी २०२५ मध्ये मुंबई, चेन्नई, कोलकाता, बेंगळुरू, हैदराबाद, कोची आणि अहमदाबाद इथे तो आला, त्याच वर्षी सप्टेंबरात आणखी पाच विमानतळांवर. या पहिल्या तेरांत महाराष्ट्रातलं मुंबईच. भारतीय पासपोर्ट असलेले आणि ओसीआय कार्डधारक, म्हणजे परदेशी नागरिकत्व असलेले भारतीय वंशाचे लोक, अर्ज करू शकतात.

एक गैरसमज आधीच दूर करतो. विमानतळावर तपासण्या अनेक असतात आणि आपण त्या सगळ्यांना मिळून ‘चेकिंग’ म्हणतो. दारावर तिकीट आणि ओळखपत्र पाहणारा जवान सीआयएसएफचा, म्हणजे केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाचा. बॅगा घेऊन बोर्डिंग पास देते ती विमान कंपनी. पासपोर्ट बघून देशाबाहेर सोडणारे किंवा आत घेणारे अधिकारी इमिग्रेशनचे. ट्रेमध्ये लॅपटॉप आणि पट्टा काढून ठेवायला लावणारी, अंग तपासणारी माणसं पुन्हा सीआयएसएफची. नवा कार्यक्रम यातल्या फक्त इमिग्रेशनच्या रांगेचा आहे. अंगझडती सगळ्यांची होते, विश्वासू ठरलेल्यांचीही.

दारासमोर घडतं ते असं. आधी बोर्डिंग पास स्कॅन करायचा, त्यावरून यंत्राला विमान कळतं. मग पासपोर्ट ठेवायचा. दोन ओळी वाचल्या जातात, आकड्यांची ती बेरीज होते. मग बोट आणि चेहरा. जुळलं की दार आपोआप उघडतं आणि कायद्याच्या दृष्टीनं तुमचं इमिग्रेशन झालेलं असतं. सरकार यासाठी अर्धा मिनिट सांगतं.

अर्ध्या मिनिटात एखाद्या माणसावर भरवसा कसा ठेवता येतो, हा प्रश्न मला सगळ्यात विलक्षण वाटतो. उत्तर असं की तो त्या अर्ध्या मिनिटात ठेवलेलाच नसतो. अर्ज केल्यावर तुमची माहिती सरकारी यंत्रणा तपासतात, तुम्ही घरी बसलेले असताना, शेतात असताना. ते काम आधीच उरकलेलं असतं. दारासमोर एवढंच ठरवायचं उरतं की ज्याची चौकशी झाली तो माणूस आणि आता उभा असलेला माणूस एकच आहे का. तपासणी कमी झालेली नाही, ती दोन भागांत कापली गेली आहे. अवघड भाग सावकाश, आधी. सोपा भाग झटपट, दारात.

आणि तो सोपा भाग ज्याच्या जोरावर सोपा झाला ती गोष्ट तुमच्या बोटांवर आहे.

लहानपणी आजी बोटं हातात घेऊन चक्रं मोजायची, हे आपल्याकडे घरोघरी झालेलं आहे. ज्या बोटावरच्या रेषा गोल फिरून आल्या ते चक्र, एका बाजूनं येऊन तिकडेच वळल्या तो शंख. किती चक्रं, त्यावरून पोराचं भविष्य. या रेषा गर्भाच्या तिसऱ्या-चौथ्या महिन्यात उमटू लागतात आणि जन्मभर तशाच राहतात. एकाच गर्भातून आलेल्या जुळ्या भावांच्याही त्या जुळत नाहीत.

सरकारी कामात त्यांचा वापर सुरू झाला तो आपल्याच देशात. बंगालमध्ये जंगीपूरला विल्यम हर्शेल नावाचा इंग्रज अधिकारी होता. १८५८ साली रस्त्याच्या खडीचा ठेका राज्यधर कोनाई या ठेकेदाराला देताना त्यानं करारनाम्यावर कोनाईच्या सबंध पंजाचा ठसा घेतला. उद्या हा सही नाकारेल, तर धाक बसावा म्हणून. अविश्वासातून घेतलेल्या त्या ठशाची नातवंडं-पतवंडं आज माणसाला ‘विश्वासू प्रवासी’ ठरवतात, हे मला फार मोठं वळण वाटतं.

पण ठसे जमवणं वेगळं आणि हजारोंतून हवा तो शोधणं वेगळं. तो पेच सुटला कोलकात्यात. अझिझुल हक आणि हेमचंद्र बोस हे दोन पोलीस अंमलदार एडवर्ड हेन्री या वरिष्ठाच्या हाताखाली काम करत होते. त्यांनी जे केलं ते आजीच्या मोजणीच्या अगदी शेजारी जाऊन बसतं: त्यांनी चक्रं मोजली! दहा बोटांच्या पाच जोड्या केल्या. पहिल्या जोडीतल्या बोटावर चक्र असेल तर १६ गुण, दुसऱ्या जोडीत ८, मग ४, २ आणि १. चक्र नसेल तर शून्य. प्रत्येक जोडीतल्या एका बोटाची बेरीज वेगळी करायची, दुसऱ्याची वेगळी, आणि दोन्हींत १ मिळवायचा. दोन्ही बेरजा १ ते ३२ मध्ये कुठेतरी बसतात. बत्तीस गुणिले बत्तीस, १०२४ कप्पे. नवा ठसा आला की चक्रं मोजा, कप्पा गाठा, बाकी सगळं कपाट उघडायचं कारणच नाही. १८९७ साली कोलकात्यात ठशांचं खातं उभं राहिलं आणि १९०१ मध्ये हीच पद्धत लंडनच्या स्कॉटलंड यार्डनं उचलली. पद्धतीला नाव मात्र हेन्रीचं लागलं. हक आणि बोस यांची नावं आपल्या शाळेच्या पुस्तकांत असायला हवीत, असं मला मनापासून वाटतं.

आजचं यंत्र चक्रांच्या पुढे जातं. ते रेषा जिथे तुटतात आणि जिथे एकीच्या दोन होतात त्या जागा टिपतं, त्यांचं एकमेकींपासूनचं अंतर आणि दिशा आकड्यांत लिहून ठेवतं. चेहऱ्याचंही तसंच, फोटोवरून काहीशे आकड्यांची एक माळ तयार होते. दाढी वाढली, चष्मा लागला तरी ती माळ फारशी बदलत नाही. दारातलं यंत्र तुम्हाला कोट्यवधी लोकांत शोधत नाही. पासपोर्टनं नाव सांगितलेलं असतंच, त्या एकाच नावापुढची माळ आणि तुमचा चेहरा त्याला ताडायचा असतो. म्हणून तर ते इतकं भरभर होतं.

इथे आपल्या भागाची एक खरी अडचण आहे. रेशन दुकानात ‘थंब लागत नाही’ हे वाक्य शिरोळ तालुक्यात कुणाला सांगावं लागत नाही. उसाला कोयता चालवणारे, भाजीच्या मळ्यात मातीत हात घालणारे, गवंडीकाम करणारे, धुणीभांडी करणाऱ्या बाया, सगळ्यांच्या रेषा झिजतात. वय वाढलं की कातडी कोरडी आणि सैल होते. दुकानदार बोट पुसायला लावतो, दुसरं बोट ठेवायला सांगतो, तिसऱ्यांदा कधी लागतं. आधारची सुरुवात २९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभलीत, महाराष्ट्रातच झाली, आणि तेव्हापासून कष्टाच्या हातांची ही कथा गावोगाव आहे. विमानतळाच्या या कार्यक्रमात ठसे आणि चेहरा दोन्ही सक्तीचे आहेत. ज्या हातांनी मुलाच्या परदेशी शिक्षणाचा खर्च उचलला, त्याच हातांना दार उघडू नये, हे मला सलतं. रेषा न उमटणाऱ्यांसाठी डोळ्याच्या बाहुलीभोवतीच्या नक्षीचा मार्ग आधारमध्ये आहे. तो इथेही ठेवायला हवा.

अंगझडतीची रांगही कमी करणारा कार्यक्रम अमेरिकेत आहे. तिथे डिसेंबर २००१ मध्ये एकानं बुटात स्फोटकं लपवून विमान उडवण्याचा प्रयत्न केला आणि मग सगळ्यांना बूट काढावे लागले. २०११ पासून ‘प्रीचेक’ आला. आधी चौकशी झालेल्या प्रवाशाला बूट, पट्टा, लॅपटॉप काढावा लागत नाही. बुटांची सक्ती २०२५ च्या जुलैत सगळ्यांसाठीच उठली. भारतीय नागरिकांना २०१७ पासून तिथल्या ‘ग्लोबल एंट्री’साठी अर्ज करता येतो, आणि त्यात प्रीचेकही येतो. फी १२० डॉलर, शिवाय आपल्या पासपोर्ट सेवेमार्फत इथली पडताळणी आणि मग मुलाखत. वारंवार अमेरिकेला जाणाऱ्यालाच ते परवडावं. आपल्याकडे झडतीत सवलत नाही, आणि मला ते योग्य वाटतं. इमिग्रेशनला प्रश्न माणूस कोण हा असतो, झडतीला प्रश्न त्याच्याजवळ काय आहे हा. चांगल्या माणसाच्या बॅगेतही दुसऱ्यानं काही ठेवलेलं असू शकतं.

देशातल्या प्रवासासाठी डिसेंबर २०२२ पासून ‘डिजियात्रा’ आहे, आता पुणे आणि मुंबईतही. फोनमध्ये चेहरा नोंदवला की टर्मिनलच्या दारात कागद काढावा लागत नाही. तिच्या नियमानुसार तुमची माहिती तुमच्याच फोनमध्ये राहते आणि विमानतळाकडे गेलेली प्रवासानंतर २४ तासांत पुसली जाते. इमिग्रेशनची नोंद मात्र सरकारकडे राहते. पासवर्ड फुटला तर बदलता येतो, बोट बदलता येत नाही. त्यामुळे अर्ज करावा की नाही, हे ज्यानं त्यानं विचार करून ठरवावं. सक्ती कुणावरच नाही.

करायचं ठरवलंत तर एवढं पाहा. पासपोर्टची मुदत किमान सहा महिने उरलेली हवी. अर्ज गृहमंत्रालयाच्या संकेतस्थळावर भरायचा, सोबत फोटो, पासपोर्टची पानं आणि पत्त्याचा पुरावा. नाव पासपोर्टवर आहे तसंच, अक्षर न अक्षर. वडिलांचं नाव मधल्या रकान्यात टाकायच्या आपल्या सवयीनं इथे घोटाळा होतो. छाननी झाल्यावर ठसे आणि चेहरा देण्यासाठी संदेश येतो. ते काम ठरलेल्या विमानतळावर किंवा परदेशी नागरिक नोंदणी कार्यालयात होतं, म्हणजे आपल्याला मुंबईच. वेगळी खेप नको असेल तर जाण्याच्याच दिवशी विमानतळावर थोडं लवकर पोहोचून देता येतं. आई-वडिलांचे हात खरबरीत असतील तर आठवडाभर आधीपासून रात्री बोटांना खोबरेल लावा. मंजुरी जास्तीत जास्त पाच वर्षं टिकते, पासपोर्ट आधी संपला तर तिथवरच. तिकीट काढल्यावर धावाधाव करण्यापेक्षा पासपोर्ट हातात आला की लगेच अर्ज करा. आणि भरून देतो म्हणणाऱ्या एजंटाला सरकारी फी म्हणून एक रुपयाही देऊ नका, कारण या अर्जाला फीच नाही.