स्वल्पविरामाचा आवाज

स्वल्पविरामाला आवाज असतो काय? व्याकरणाच्या पुस्तकात या प्रश्नाचे उत्तर मिळत नाही. परंतु व्हिक्टर बोर्गे नावाच्या एका कलावंताने तो आवाज तोंडाने काढून दाखविला, आणि त्यावर अमेरिकेतील प्रेक्षक कित्येक वर्षे पोट धरधरून हसले. गेल्या वर्षी आमच्या इंग्रजीच्या सरांनी त्याच्या कार्यक्रमाची ध्वनिचित्रफीत वर्गात दाखविली. एक माणूस, एक पियानो आणि समोर हसणारे सभागृह! पु. ल. देशपांडे यांचे एकपात्री प्रयोग आणि त्यांची पेटी आपल्या परिचयाची असल्यामुळे हे दृश्य मला परके वाटले नाही. मात्र बोर्गेची एक गोष्ट निराळी होती. ज्या भाषेत तो लोकांना हसवीत होता, ती त्याला वयाच्या एकतिसाव्या वर्षानंतर नव्याने आत्मसात करावी लागली होती.

बोर्गेचा जन्म ३ जानेवारी १९०९ रोजी डेन्मार्कची राजधानी कोपनहेगन येथे एका ज्यू कुटुंबात झाला. मूळ नाव बोर्गे रोझेनबाउम. वडील तेथील राजवाद्यवृंदात व्हायोलिन वाजवीत आणि आई पियानो वाजवी. मुलाचा हात लहानपणीच पियानोवर बसला. १९२६ साली त्याची पहिली मोठी मैफल झाली. त्यानंतर वादनाच्या मध्येमध्ये तो विनोद करू लागला आणि १९३३ पासून विनोदी रंगमंचावर त्याचे नाव झाले.

ते दिवस हिटलरच्या उदयाचे होते. बोर्गे आपल्या कार्यक्रमांतून नाझींची उघड टिंगल करी. ९ एप्रिल १९४० रोजी जर्मन फौजा डेन्मार्कमध्ये घुसल्या, त्या वेळी तो सुदैवाने स्वीडनमध्ये कार्यक्रम करीत होता. तेथून फिनलंडमार्गे तो एका अमेरिकन जहाजावर चढला आणि ऑगस्ट १९४० मध्ये अमेरिकेत उतरला. खिशात अवघे वीस डॉलर होते. इंग्रजी जवळजवळ येत नव्हते. बोलण्यावर पोट असलेल्या माणसाची भाषाच हरवली होती! तो चित्रपटगृहांत जाऊन बसू लागला आणि पडद्यावरच्या माणसांचे बोलणे ऐकून इंग्रजी शिकू लागला. पुढच्याच वर्षी, १९४१ मध्ये, प्रसिद्ध गायक बिंग क्रॉस्बी याच्या रेडिओ कार्यक्रमात त्याला काम मिळाले.

त्याच्या विनोदाची रीत समजून घेण्यासारखी आहे. संगीत ऐकताना पुढचा सूर कोणता येणार याची अपेक्षा आपले मन नकळत करीत असते. बोर्गे प्रथम ती अपेक्षा पक्की करी. सुरावट तो इतकी सुरेख सुरू करी की श्रोते सावरून बसत, आणि नेमक्या क्षणी ती भलतीकडेच वळे. कधी एखादी गंभीर रचना वाढदिवसाच्या गाण्यात जाऊन मिळे. कधी तो काहीतरी विचित्र वाजवी, मग कागद उलटा धरला आहे हे त्याच्या ‘ध्यानात’ येई. कागद सुलटा केला की त्यातून ओळखीची धून निघे. कधी बाकावरून घसरून पडे आणि मग मोटारीतल्यासारखा पट्टा बांधून वाजवायला बसे. योग्य जागी चुकायला फार तयारी लागते. ज्याचा हात खरोखरच कच्चा आहे, त्याची चूक ही नुसती चूकच ठरते.

भाषेशीही तो असाच खेळे. एका प्रसिद्ध प्रयोगात तो एक उतारा वाचून दाखवी आणि प्रत्येक विरामचिन्हाला एकेक आवाज देई. पूर्णविरामाला फटकन बुडबुडा फुटल्यासारखा, तर उद्गारचिन्हाला आधी उभी रेघ ओढल्याचा आणि मग खाली टिंब दिल्याचा. दुसरा खेळ आकड्यांचा. महागाईत सगळेच वाढते, मग शब्दांतले आकडे तरी का वाढू नयेत? म्हणून ‘वंडरफुल’मधल्या ‘वन’चा ‘टू’ करून तो ‘टूडरफुल’ म्हणे. मराठीत हा खेळ करायचा तर ‘सातारा’चे ‘आठारा’ होईल आणि ‘नवरा’ हा ‘दहारा’ होऊन बसेल!

मला वाटते, हे सुचायला बाहेरून आलेला कान लागतो. ज्यांना इंग्रजी आईच्या दुधाबरोबर मिळाली, त्यांना ‘वंडरफुल’मधला ‘वन’ ऐकूच येत नाही. बोर्गेने एकेक शब्द कानाने वेचला होता, म्हणून त्याला तो ऐकू आला असावा.

१९४८ मध्ये तो अमेरिकेचा नागरिक झाला. २ ऑक्टोबर १९५३ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर त्याचा ‘कॉमेडी इन म्युझिक’ हा एकपात्री कार्यक्रम सुरू झाला आणि जानेवारी १९५६ पर्यंत त्याचे ८४९ प्रयोग झाले. या विक्रमाची नोंद गिनेस बुकातही झाली. युद्धकाळात स्कॅन्डिनेव्हियातील लोकांनी ज्यूंचे प्राण वाचविले होते. त्याची कृतज्ञता म्हणून त्याने १९६३ मध्ये तेथील विद्यार्थ्यांसाठी शिष्यवृत्तीनिधी उभारण्यात पुढाकार घेतला. २३ डिसेंबर २००० रोजी, वयाच्या एक्क्याण्णवाव्या वर्षी त्याचे निधन झाले. नव्वदी ओलांडल्यावरही तो रंगमंचावर येत असे.

बोर्गेविषयी लिहावेसे वाटले त्याला माझ्यापुरते एक कारण आहे. आमच्या घरातून महाविद्यालयात आलेला मी पहिलाच. प्रथम वर्षाला असताना वर्गात इंग्रजी धडा मोठ्याने वाचताना ‘कर्नल’ हा शब्द मी, जसा लिहिला होता तसाच, ‘कोलोनेल’ असा वाचला. सारा वर्ग हसला. त्यानंतर वर्षभर मी वाचायला उभा राहिलो नाही. बोर्गेला पाहिल्यावर मात्र वाटले, हसण्याजोगे होते ते त्या शब्दाचे स्पेलिंग, आणि ते वर्गात फक्त मलाच दिसले होते.

यंदा मी पुन्हा मोठ्याने वाचू लागलो आहे. अजूनही चुकतो. चुकलेला शब्द वहीत टिपून ठेवतो. आजपर्यंत अशा एक्केचाळीस शब्दांची यादी झाली आहे, आणि मित्रांना ती वाचून दाखविली की हशा हमखास पिकतो.