सांदण दरी : पहिला कडा उतरलात की मागे फिरता येत नाही, ते का?

सांदण दरी सुरू होते अहिल्यानगर जिल्ह्यातल्या साम्रदजवळ आणि वाट बाहेर निघते शहापूर तालुक्यातल्या डेहण्याकडे. कातळाला पडलेली ही अरुंद भेग कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याच्या परिसरात आहे. सुरुवातीचे दगडधोंडे आणि पाण्याचे डोह चालत पार होतात. बरेच जण तिथूनच परततात.

पुढचा साधारण ४५ फुटांचा कडा मात्र दोरानेच उतरावा लागतो. दोर वर दुहेरी ओवलेला असतो. सगळे उतरले की एक टोक ओढून तो काढून घेतात, कारण पुढच्या कड्यांना तोच लागतो. मग पाय मुरगळला तरी खालच्याच दिशेने जायचं. साम्रदला परतायचं तर करोली घाट चढायचा. दमलेल्या पायांना तो सोपा नाही.

पावसाळ्यात पठारावरचं पाणी याच भेगेत घुसतं, तेव्हा उतरूच नका. अशा कड्यांवर आग्या मोहोळं असतात, म्हणून परफ्यूम, धूर, आरडाओरडा नको. हेल्मेट फोटोपुरतं नाही, वरून दगड सुटतात.

पैसे भरण्याआधी आयोजकाला विचारा : उतरताना प्रत्येकाला दुसरा सुरक्षा दोर असेल का? आणि पहिल्या कड्यावर किती वाजता पोचणार?