ट्रस्टचा तंटा कोणत्या दारी?

देवस्थानात दोन गट पडले किंवा शिक्षण संस्थेत निवडणुकीनंतर दोन कार्यकारिणी समोरासमोर उभ्या राहिल्या, की पहिला सल्ला ठरलेला असतो : ‘दिवाणी दावा टाका, मनाई हुकूम आणा.’ दावा दाखल होतो, तारखा पडतात आणि कधी कधी बऱ्याच वर्षांनी कळतं, की या न्यायालयाला तो प्रश्न ऐकण्याचा अधिकारच नव्हता. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, १९५० या कायद्याचं नाव सगळ्यांनी ऐकलेलं असतं. त्यातलं कलम ८० मात्र फार थोड्यांनी वाचलेलं असतं.

गैरसमज : आमची संस्था ट्रस्ट नाही, सोसायटी आहे, धर्मादाय आयुक्तांचा इथे संबंध नाही.

वस्तुस्थिती : या कायद्यातली सार्वजनिक विश्वस्तव्यवस्थेची व्याख्या ऐसपैस आहे. देऊळ, मठ, चर्च, अग्यारी तर तिच्यात येतातच; शिवाय धार्मिक किंवा धर्मादाय हेतूने स्थापन झालेली आणि १८६० च्या सोसायटी नोंदणी कायद्याखाली नोंदलेली संस्थाही येते. म्हणूनच शाळा-महाविद्यालयं चालवणाऱ्या संस्थांची नोंदणी दोन्ही कायद्यांखाली असते.

गैरसमज : निवडणूक बेकायदा झाली, तर ती रद्द करून घ्यायला दिवाणी कोर्टात जायचं.

वस्तुस्थिती : विश्वस्त बदलले, की ९० दिवसांत बदल अहवाल द्यावा लागतो. बोलीभाषेत त्यालाच ‘चेंज रिपोर्ट’ म्हणतात. कलम २२ खाली उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्त त्याची चौकशी करतात. सभेची नोटीस नीट निघाली होती का, गणपूर्ती होती का, मतदार सभासद खरे होते का, हे सगळं तिथे पुराव्यावर तपासलं जातं. हरकत घ्यायची जागाही तीच. त्या निर्णयावर कलम ७० खाली धर्मादाय आयुक्तांकडे अपील होतं आणि पुढे कलम ७२ खाली न्यायालयात जाता येतं. हे न्यायालय म्हणजे बृहन्मुंबईत शहर दिवाणी न्यायालय, इतरत्र जिल्हा न्यायालय. म्हणजे न्यायालय या वाटेवर आहेच, पण ते पहिल्या पायरीवर नाही.

कलम ८० नेमकं हेच सांगतं. जो प्रश्न या कायद्याने धर्मादाय यंत्रणेकडे सोपवला आहे किंवा ज्यावरचा तिचा निर्णय अंतिम ठरवला आहे, तो कायद्यातच तशी तरतूद असल्याखेरीज दिवाणी न्यायालय हाताळू शकत नाही. हे बंधन किती पक्कं आहे, ते २००५ साली चर्च ऑफ नॉर्थ इंडियाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दाखवून दिलं. मूळचा मुंबई राज्याचा असल्याने हा कायदा गुजरातमध्येही लागू आहे. तिथल्या ब्रदरेन चर्चचं विलीनीकरण १९७० मध्ये आपल्यात झालं, म्हणून आपणच त्याचे आणि त्याच्या मिळकतींचे वारस, असा चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचा दावा होता. नोंदलेल्या ट्रस्टचा आणि त्याच्या मिळकतीचा हा प्रश्न याच कायद्याखाली सुटायला हवा, असं म्हणून न्यायालयाने तो दावा चालण्याजोगा नाही असं ठरवलं.

गैरसमज : म्हणजे ट्रस्टच्या कोणत्याच वादात दिवाणी कोर्ट नको.

वस्तुस्थिती : हे दुसरं टोक झालं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९ नुसार मनाई नसलेला प्रत्येक दिवाणी दावा न्यायालय ऐकतं. पूजेचा वंशपरंपरागत मान हे पद म्हणून मागितलं जात असेल, तर त्यावरचा वाद धार्मिक विधींवर अवलंबून असला तरी दिवाणीच मानला जातो. ट्रस्टने कंत्राटदाराशी केलेला करार मोडला, तर पैशांचा दावाही नेहमीच्या न्यायालयातच जातो.

विश्वासभंग झाला, विश्वस्तांकडून हिशेब हवा आहे, अशा मागण्यांसाठी कलम ५० खाली दावा करता येतो. मात्र तो एकट्यादुकट्याने नाही : ट्रस्टमध्ये हितसंबंध असलेल्या किमान दोन व्यक्ती हव्यात आणि कलम ५१ नुसार धर्मादाय आयुक्तांची लेखी संमती हवी. संमती मिळाली म्हणजे आरोप सिद्ध झाले, असंही कुणी समजू नये. ते काम न्यायालयाचं.

गैरसमज : धर्मादाय आयुक्त कलम ४१-अ खाली काहीही ठरवू शकतात.

वस्तुस्थिती : ते कलम कारभार नीट चालावा म्हणून निर्देश देण्यापुरतं आहे, पक्षकारांच्या मालकीहक्काचा निवाडा करण्यासाठी नाही. विश्वस्ताला निलंबित करायचं किंवा काढायचं, तर कलम ४१-ड आहे. त्यासाठी आरोप ठेवून, बाजू मांडायची संधी द्यावी लागते.

गैरसमज : समोरच्याने हरकत घेतली नाही, म्हणजे कोर्टाला अधिकार मिळाला.

वस्तुस्थिती : विषयावरचा अधिकार पक्षकारांच्या संमतीने किंवा मौनाने मिळत नाही. असा हुकूमनामा पुढे अंमलबजावणीच्या वेळीही उलटू शकतो. प्रामाणिकपणे चुकीच्या न्यायालयात गेलेला काळ मुदत कायद्याच्या कलम १४ खाली वजा होऊ शकतो. पण चिकाटी आणि सद्भावना दाखवावी लागते.

गैरसमज : हा नियम सगळ्या देवस्थानांना आणि सगळ्या राज्यांना सारखाच.

वस्तुस्थिती : पंढरपूरच्या मंदिरांसाठी १९७३ चा, तर शिर्डी संस्थानासाठी २००४ चा वेगळा कायदा आहे. वक्फच्या वादांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरण आहे. जिथे असा खास कायदा नाही, तिथे दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९२ लागतं आणि दोन किंवा अधिक जण न्यायालयाच्या परवानगीने दावा करतात. महाराष्ट्रात या अधिनियमाच्या कलम ५२ ने कलम ९२ बाजूला ठेवलं आहे.

तेव्हा वकिलाकडे जाताना वाद कुणाशी आहे, एवढंच सांगू नका. आपल्याला नेमका कोणता आदेश हवा, ते एका वाक्यात लिहा : विश्वस्त कोण, मिळकत ट्रस्टची की कुणा तिसऱ्याची, हिशेब हवा, की कराराचे पैसे? दार त्या वाक्यावरून ठरतं. दाव्याच्या मथळ्यात ‘ट्रस्ट’ हा शब्द आहे की नाही, यावर नाही.