वर्ग, वर्गमूळ आणि केवलमूल्य

परवा वर्गात एका विद्यार्थ्याने फळ्यावर मोठ्या आत्मविश्वासाने एक 'सिद्धता' मांडली. ३ मधून ५ वजा केले तर -२ उरतात. त्यांचा वर्ग ४. ७ मधून ५ वजा केले तर २ उरतात. त्यांचाही वर्ग ४. म्हणून (३ - ५)² = (७ - ५)². दोन्ही बाजूंचे वर्गमूळ घेतले : ३ - ५ = ७ - ५. म्हणजेच ३ = ७! वर्गात हशा पिकला. पण चूक नेमकी कोठे झाली, हे कोणास सांगता येईना. मी कलाशाखेचा पदवीधर. मलाही क्षणभर थांबावे लागले.

चूक वर्गमूळ घेताना झाली. वर्ग करताना संख्येचे चिन्ह लोपते. √४ या खुणेचा अर्थ २ एवढाच. कारण √ ही खूण ऋण नसलेले मूळच दर्शविते. म्हणून √(क²) म्हणजे नेहमी 'क' नव्हे. क ऋण नसेल तर ते क, आणि क ऋण असेल तर -क. यालाच क चे केवलमूल्य म्हणतात व ते |क| असे लिहितात. या उभ्या रेघा जर्मन गणिती वायरस्ट्रास याने १८४१ मध्ये योजिल्या. सारांश, √(क²) = |क|. वरील उदाहरणात |३ - ५| = |७ - ५| एवढेच सिद्ध होते आणि ते खरेच आहे. मैलूरच्या सडकेवर शाळेपासून पूर्वेस दोन मैल गेलात काय किंवा पश्चिमेस दोन मैल गेलात काय, अंतर तेच. गाव मात्र निराळे.

धन आणि ऋण हे शब्द व्यवहारातलेच आहेत. माझ्या घरच्या कोंकणीत कर्जाला 'रीण' म्हणतात, तेच हे ऋण. भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा. त्या वेळी आपल्या बिदर जिल्ह्यातील कल्याणी, म्हणजे आजचे बसवकल्याण, ही चालुक्य विक्रमादित्याची राजधानी होती. आपल्या 'बीजगणित' ग्रंथात आचार्य सांगतात की, धनाचा व ऋणाचा वर्ग धनच असतो, धनाची मुळे धन व ऋण अशी दोन असतात, आणि ऋणाला मूळ नसते. कारण ते कोणाचा वर्गच नव्हे.

त्याच ग्रंथातील एक उदाहरण पाहा. वानरांच्या कळपाच्या पाचव्या हिश्श्यातून तीन वजा करून त्याचा वर्ग केला, तितके वानर गुहेत गेले. एक फांदीवर दिसला. तर वानर किती? कळप क मानल्यास समीकरण येते : क² - ५५क + २५० = ०. वर्ग पूर्ण केला की (क - २७½)² = ५०६¼, म्हणजे |क - २७½| = २२½. २७½ पासून २२½ अंतरावर असलेल्या संख्या दोन : ५० आणि ५. दोन्ही समीकरणात बसतात. परंतु पाचाचा पाचवा हिस्सा एक. त्यातून तीन वानर कसे वजा करणार? म्हणून आचार्यांनी ५ हे उत्तर सोडले. ध्यानात घ्या, त्यांनी ते विसरून सोडले नाही. दोन्ही उत्तरे काढून, कारण दाखवून सोडले.

या नात्याचा आणखी एक उपयोग आहे. |क|² = क² असल्यामुळे केवलमूल्यांची तुलना वर्गांवरून करता येते. |क + ख| हे |क| + |ख| पेक्षा कधीही मोठे नसते, हे दाखविण्यासाठी दोहोंचे वर्ग करा. फरक २(|कख| - कख) येतो, आणि तो कधीच ऋण नसतो.

तेव्हा वर्गमूळ घेताना त्या दोन उभ्या रेघा विसरू नका. त्या गाळल्या तर कधी तीन म्हणजे सात होतात, तर कधी एक खरे उत्तर मुकाट्याने हरवते. उत्तर नाकारायचे असेल तर ते आधी समोर यावयास हवे. हा नियम गणिताबाहेरही पाळण्यासारखा आहे.