बाहुला आणि विदूषक

लक्ष्मीकांत बेर्डेंचे दोन सिनेमे लागोपाठ बघावेत, असं मी गेली कित्येक वर्षं भेटेल त्याला सांगत आलोय. पहिला 1992 चा 'एक होता विदूषक', दुसरा 1993 चा 'झपाटलेला'. पहिला कुणी बघितलेला नसतो आणि दुसरा पाठ असतो, त्यामुळे माझं सांगणं बहुतेक वेळा वाया जातं. अंबरनाथ-बदलापूरकडच्या आमच्या पिढीला तर लक्ष्या थिएटरपेक्षा व्हिडिओ कॅसेटवर जास्त भेटला. सिनेमा मोठ्या पडद्यावर बघायचा तर उल्हासनगर गाठायचं; तिथल्या व्हीनस टॉकीजचं नाव आजही चौकाला आहे. नाटक हवं असेल तर कल्याणचं अत्रे रंगमंदिर. बाकी सगळं भाड्याच्या कॅसेटवर भागायचं. उल्हासनगरच्या सिंधी दुकानदारांना मराठी फारसं येत नसे, पण 'झपाटलेला' त्यांना चांगला ठाऊक होता. पुढे 1995 मध्ये तो 'खिलौना बना खलनायक' या नावाने हिंदीतही आला. 'विदूषक' मात्र मागावा तर दुकानदार विचारायचा, "सर्कस का है क्या?"

लक्ष्मीकांतच्या कारकिर्दीचा ठोकळ आलेख सगळ्यांना ठाऊक आहे, तेव्हा तो भराभर उरकतो. जन्म 1954 चा, वाढला गिरगावात. मुंबई मराठी साहित्य संघात नोकरी, तिथल्याच रंगमंचावर छोटी-मोठी कामं. मग पुरुषोत्तम बेर्डेंचं 'टुरटुर', आणि त्यातून मिळालेलं नाव. महेश कोठारेंचा 'धूमधडाका' (1985), 'दे दणादण' (1987), सचिन पिळगावकरांचा 'अशी ही बनवाबनवी' (1988), मधेअधे दूरदर्शन. 'मैंने प्यार किया' (1989) मधला मनोहर, आणि तिथून हिंदीतल्या नोकर-मित्रांची लांबलचक रांग. डिसेंबर 2004 मध्ये, पन्नाशीच्या उंबरठ्यावर, तो गेला. मधली जी काही वर्षं वर्षाला कितीतरी सिनेमे करण्यात गेली, त्यांतल्या निम्म्यांबद्दल न बोललेलंच बरं. पटकथा नसली तरी लक्ष्या आहे ना, मग तो बघून घेईल, एवढ्या भरवशावर निर्माते सेट लावत होते. आणि तो बघून घेतही होता, हेच त्याचं दुर्दैव.

त्याची खरी ताकद बघायची तर 'बनवाबनवी'तली पार्वती बघा. सचिनने सुधाचं सोंग नीटनेटकं, जवळजवळ देखणं केलंय. लक्ष्मीकांतने मात्र पार्वतीच्या आतला परश्या कधीच पुरता झाकला नाही. पदर खांद्यावर आहे, पण चाल पुरुषाची आहे. आपण बाई आहोत हे त्याला दर दोन मिनिटांनी नव्याने आठवतं आणि मग अंग एकदम आवरून घेतो. वसंत सबनीसांच्या संवादांना टाळ्या पडतात, पण हशा पडतो तो या आठवण्याच्या क्षणाला. सबनीस म्हणजे 'विच्छा माझी पुरी करा'चे लेखक, दादा कोंडकेंना घडवणाऱ्या वगाचे. म्हणजे गिरगावचा लक्ष्या सोंगाड्याच्या घराण्यात तेव्हाच मागच्या दाराने शिरला होता.

पुढच्या दाराने त्याला आत नेलं दिग्दर्शक जब्बार पटेलांनी. 'एक होता विदूषक'ची निर्मिती एनएफडीसीची, लेखन पु. ल. देशपांड्यांचं. पुलंचा 'गुळाचा गणपती' 1953 चा. म्हणजे त्यानंतर 39 वर्षांनी आलेला हा सिनेमा. गाणी ना. धों. महानोरांची, संगीत आनंद मोडकांचं. गोष्ट आबूरावाची: तमासगीर बाईच्या पोटी आणि इनामदाराच्या रक्ताने जन्मलेला, फडावर सोंगाड्या झालेला, मग मुंबईत सिनेमाचा नट आणि शेवटी गुणवंत नावाच्या राजकारण्याच्या कामाला येणारा लोकप्रिय चेहरा. त्याला एक मुलगी आहे, जाई. ती हसत नाही. साऱ्या महाराष्ट्राला हसवणारा माणूस एका पोरीपुढे हतबल होतो, ही कल्पना कागदावर जरा गोड वाटते. पडद्यावर ती तशी राहत नाही, याचं श्रेय मी लक्ष्मीकांतला देतो, पुलंना नाही.

या सिनेमाबद्दल एक वाक्य ठरून गेलंय: 'लक्ष्याने गंभीर भूमिका केली आणि प्रेक्षकांनी ती नाकारली.' सिनेमा चालला नाही हे खरं. पण भूमिका गंभीर होती, हे मला मान्य नाही. आबूराव सिनेमाभर विनोदच करतो; फक्त विनोद ही त्याची मजुरी आहे. फडावर हशा वसूल करायचा, नाहीतर वर्दी संपली की पोट रिकामं. हे काम करणाऱ्या माणसाचे हात-पाय कसे चालतात, एवढंच तो दाखवतो. वर्षाला ढिगाने सिनेमे करणाऱ्या नटाला ते शिकवावं लागलं नसणार.

शिकवावा लागला असेल तो फड. लक्ष्मीकांत रंगमंदिरांचा माणूस. त्याच्याभोवती जब्बारांनी उभे केले ते निळू फुले आणि मधू कांबीकर, दोघंही लोकनाट्य-लावणीच्या मुशीतले. आणि नृत्यांसाठी आणल्या लक्ष्मीबाई कोल्हापूरकर. चाळिसाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत 'विदूषक' सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला, हे लोकांना आठवतं. त्याच वर्षी नृत्यदिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार लक्ष्मीबाईंना मिळाला, हे सांगितलं की समोरचा चकित होतो. लावणीच्या परंपरेतली एक बाई, आणि मुंबई-मद्रासच्या नृत्यदिग्दर्शकांच्या रांगेत थेट देशाचा पुरस्कार! मराठी सिनेमाच्या इतिहासावर जाडजूड ग्रंथ आहेत. त्यांत दिग्दर्शकांना प्रकरणं मिळतात, लक्ष्मीबाईंना यादीतली एक ओळ. सिनेमातल्या लावण्या नीट बघा. कॅमेऱ्यासाठी बसवलेल्या 'आयटम'ची सफाई त्यांत नाही. नाचणारी बाई समोर बसलेल्याकडे बघते, ढोलकीवाला तिच्या पायांकडे बघतो, आणि सोंगाड्या दोघांच्या मधे जागा शोधत असतो. आबूरावाचं सगळं आयुष्य त्या जागेत आहे: बाईचा मुलगा, बघणाऱ्याचंही रक्त, आणि स्वतःला उभं राहायला मधली बोटभर पट्टी. हे संवादांतून सांगायला दहा मिनिटं लागली असती.

आता महेश कोठारेंचा 'झपाटलेला'. त्यातला तात्या विंचू हा गुंड मरता मरता बाहुल्यात शिरतो आणि पुन्हा माणूस व्हायला त्याला लक्ष्याचंच शरीर हवं असतं, कारण आपलं गुपित त्याने पहिल्यांदा लक्ष्याला सांगितलेलं असतं. मूळ कल्पना अमेरिकन 'चाइल्ड्स प्ले'ची (1988), पण तिकडे बाहुल्याच्या तावडीत सापडतो तो लहान मुलगा. कोठारेंनी त्या जागी विनोदी नट बसवला आणि गोष्टच बदलली. बाहुला हलवला रामदास पाध्ये यांनी. बाहुल्याच्या चेहऱ्यावर किती हलणार? भीती सगळी लक्ष्मीकांतच्या चेहऱ्यावरून यायची होती. बाहुला नुसता बसलेला असताना त्याच्याकडे बघणारा लक्ष्या बघा: हसू सुटतं आणि त्याच वेळी पोरं आईला चिकटतात.

आणि तात्या विंचू झाले कोण? दिलीप प्रभावळकर. 'विदूषक'मधला गुणवंतही तेच. चिमणराव म्हणून दूरदर्शनवर घराघरांत पोचलेला हा सज्जन चेहऱ्याचा नट आधी राजकारणी म्हणून लक्ष्मीकांतचा बाहुला करतो, आणि पुढच्याच वर्षी बाहुला म्हणून लक्ष्मीकांतचा देह मागतो. जब्बार आणि कोठारे यांनी ठरवून हे केलं नसणार. तरी दोन्ही सिनेमांची गोष्ट एकच आहे: हसवणाऱ्याच्या अंगात दुसऱ्याला शिरायचंय. फरक एवढाच की 'झपाटलेला'त लक्ष्या सुटतो. प्रेक्षकांनी 'विदूषक' नाकारला म्हणतात. माझ्या मते त्यांनी तो वर्षभराने 'झपाटलेला'च्या रूपात बघितला, बाहुल्याच्या भुवयांच्या मधोमध गोळी घालून शेवट करणारा.

त्यानंतरचं वर्ष 1994. 'हम आपके हैं कौन'मधला नोकर लल्लूप्रसाद, त्यासाठी फिल्मफेअरचं नामांकन. काम चोख आहे, रडण्याचा प्रसंग तर फारच. पण जो नट एका सिनेमात इनामदाराच्या वाड्याबाहेर उभा राहून आपला बाप ओळखून होता, त्याला हिंदीने वर्षानुवर्षं ट्रे धरून दारात उभं केलं, आणि मराठीने तेवढ्यावरच अभिमान मानला. राजश्रीच्या सिनेमात आपला माणूस आहे म्हणून आमच्या सोसायटीत पेढे वाटले गेले होते. 'विदूषक'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तेव्हा कुणी वाटल्याचं मला आठवत नाही.