पळणाऱ्या पोरीचा खुराक

हातकणंगल्याहून कोल्हापूरला जाऊन न थांबता परत आलं, की जवळपास एक मॅरेथॉन होते. नेमकं अंतर 42.195 किलोमीटर. त्याहून कमी असलेली शर्यत मॅरेथॉन नसते. 21.0975 किलोमीटर ही अर्धमॅरेथॉन, आणि 3, 5 किंवा 10 किलोमीटरची ती रस्त्यावरची शर्यत. आपल्याकडे मंडळाच्या, कॉलेजच्या, पतसंस्थेच्या वर्धापनदिनाच्या प्रत्येक धावण्याला ‘मॅरेथॉन’ म्हणतात, आणि 5 किलोमीटर जिंकलेली पोर दुसऱ्या दिवशी फ्लेक्सवर ‘मॅरेथॉनपटू’ म्हणून झळकते. तिचं कौतुक व्हायलाच हवं. पण तिच्याकडून चुकीच्या अपेक्षा सुरू होतात त्या इथूनच.

मॅरेथॉनचा वेग म्हणजे काय, हे आपल्या भागात पोलीस भरतीच्या भाषेत पटकन कळेल. भरतीत मुलींना 800 मीटर धावायचं असतं. तीन मिनिटांत 800 मीटर काढणाऱ्या मुलीला ग्राउंडवर सगळे ‘चांगली पळते’ म्हणतात. नाशिक जिल्ह्यातल्या सावरपाड्याच्या कविता राऊतने फेब्रुवारी 2016 मध्ये गुवाहाटीच्या दक्षिण आशियाई स्पर्धेत मॅरेथॉनचं सुवर्ण जिंकलं, तेव्हा तिची वेळ होती 2 तास 38 मिनिटं 38 सेकंद. याचा हिशेब केला तर दर 800 मीटरला तीन मिनिटं पडतात. असे 800 मीटर लागोपाठ जवळजवळ 53 वेळा, मध्ये श्वास घ्यायलाही न थांबता. एवढी लांब धावायची तर हळूच धावत असतील, ही समजूत इथेच सोडून द्यावी.

याच कामगिरीवर कविता रिओ ऑलिम्पिकला गेली. 14 ऑगस्ट 2016 ला सकाळी साडेनऊला शर्यत सुटली, डोक्यावर ऊन होतं. कविता 2:59:29 वेळेत 120 वी आली. तिच्यासोबतची केरळची ओ. पी. जैशा 2:47:19 मध्ये 89 वी आली आणि शर्यत संपताच कोसळली. त्याआधीच्याच वर्षी बीजिंगच्या जागतिक स्पर्धेत जैशाने 2:34:43 असा राष्ट्रीय विक्रम केला होता. म्हणजे एक जवळजवळ 13 मिनिटांनी मागे पडली आणि दुसरी जवळजवळ 21 मिनिटांनी. ‘ऑलिम्पिकला गेल्या आणि फजिती करून आल्या’ असं तेव्हा लोक सहज बोलून गेले.

पण मॅरेथॉनची वेळ ही शंभर मीटरसारखी ठेवणीतली वस्तू नाही, की खेळाडूने पाहिजे तेव्हा काढून दाखवावी. ऊन, दमटपणा, रस्त्याचा चढ-उतार, वाटेत मिळणारं पाणी, सगळं त्या वेळेत उतरतं. उष्णता वाढली की रक्ताला दोन कामं पडतात: स्नायूंना प्राणवायू पोचवायचा आणि कातडीपर्यंत जाऊन शरीर थंड ठेवायचं. दोन्ही पूर्ण ताकदीने होत नाहीत, वेग उतरतो. शिवाय एका मॅरेथॉननंतर शरीर पूर्ण भरून यायला कित्येक आठवडे जातात. म्हणूनच जगातल्या अव्वल धावपटू वर्षात दोन, फार तर तीन मॅरेथॉन धावतात. दर रविवारी कुठे ना कुठे बक्षीस मारून आणणारी मुलगी या खेळात पुढे जाते, हा उलटा हिशेब आहे. ती लवकर झिजते.

लहानपणापासून लांब पळवलं तर मोठेपणी मॅरेथॉन सोपी जाते, अशी समजूत घट्ट आहे. बारा-तेरा वर्षांच्या मुलींना दहा-दहा किलोमीटर डांबरी रस्त्यावर पळवणारे पालक दिसतात. त्यामागे माया असते, पण त्याने नडग्या दुखायला लागतात, पुढे हाडाला बारीक चीर जाते, आणि सोळाव्या-सतराव्या वर्षी पोर पळणं सोडते. मुंबई मॅरेथॉनमध्ये पूर्ण अंतर धावायला किमान 18 वर्षांची अट आहे, ती उगीच नाही.

ज्या पुढे गेल्या त्यांचा रस्ता पाहा. कविता आधी कित्येक वर्षं ट्रॅकवर 5,000 आणि 10,000 मीटर धावली. 2010 मध्ये दिल्लीच्या राष्ट्रकुल स्पर्धेत 10,000 मीटरचं कांस्य आणि त्याच वर्षी ग्वांगझोच्या आशियाई स्पर्धेत रौप्य. गुवाहाटीचं मॅरेथॉन सुवर्ण तिने वयाच्या तिसाव्या वर्षी मिळवलं. इथिओपियाची टिगिस्ट असेफा तर रिओ ऑलिम्पिकला 800 मीटर धावली होती. तिनेच 2023 मध्ये बर्लिनची मॅरेथॉन 2:11:53 मध्ये संपवली. भरतीसाठी 800 मीटरचा वेग कमावणाऱ्या मुलीने हे नाव ध्यानात ठेवावं.

साताऱ्यातल्या माण तालुक्यातलं मोही हे ललिता बाबरचं गाव. तिचा प्रवास तर उलट्या दिशेने झाला. 2012, 2013 आणि 2014 अशी सलग तीन वर्षं मुंबई मॅरेथॉनमध्ये ती भारतीय महिलांत पहिली आली. त्यानंतर ती ज्या शर्यतीने देशभर ओळखली गेली, ती फक्त 3,000 मीटरची: स्टीपलचेस. त्यात 28 अडथळे आणि सात पाण्यावरच्या उड्या. 2015 मध्ये वुहानला आशियाई विजेतेपद, त्याच वर्षी बीजिंगला जागतिक अंतिम फेरीत आठवी, आणि रिओत 9:19.76 चा राष्ट्रीय विक्रम करून अंतिम फेरी. 1984 च्या पी. टी. उषानंतर ट्रॅकवरच्या ऑलिम्पिक अंतिम फेरीत पोचलेली ती पहिली भारतीय स्त्री. तीन मॅरेथॉन जिंकलेल्या मुलीने कमी अंतराकडे वळणं याला माघार म्हणतच नाहीत. अंतर बदलणं हा याच कारकिर्दीचा भाग असतो.

‘बाईमाणसाला एवढं झेपत नाही, गर्भाशयाला धक्का बसतो.’ ही भीती आपल्याच गावाची नाही. 1928 च्या ॲमस्टरडॅम ऑलिम्पिकमध्ये स्त्रियांची 800 मीटर शर्यत पहिल्यांदा झाली. धावपटू एकामागोमाग कोसळल्या, अशा बातम्या जगभर छापून आल्या. प्रत्यक्षात अंतिम फेरीतल्या नऊच्या नऊ जणींनी शर्यत पूर्ण केली होती, आणि जर्मनीच्या लिना राडकेने विश्वविक्रम केला होता. पण खोटी बातमी जिंकली. 1960 पर्यंत ऑलिम्पिकमध्ये स्त्रियांना 200 मीटरच्या पुढे धावू दिलं नाही, आणि मॅरेथॉन तर 1984 ला लॉस एंजेलिसमध्ये आली. आपल्या शेजारच्या बेळगावचे फडेप्पा चौगुले 1920 मध्ये अँटवर्पला ऑलिम्पिक मॅरेथॉन धावले होते, 19 वे आले होते. पुरुषाला मिळालेली ती वाट स्त्रीसाठी खुली व्हायला आणखी 64 वर्षं गेली. आणि वाट खुली होताच, 1985 मध्ये, आशा अगरवालने जकार्ताला आशियाई मॅरेथॉनचं सुवर्ण आणलं.

गर्भाशय ओटीपोटात नीट सांभाळलेला अवयव आहे, तो धावण्याने जागचा हलत नाही. ब्रिटनची पॉला रॅडक्लिफ जानेवारी 2007 मध्ये आई झाली आणि त्याच नोव्हेंबरमध्ये न्यूयॉर्क मॅरेथॉन जिंकली. खरा धोका वेगळा आहे, आणि त्याबद्दल घरात कुणी बोलत नाही.

तो धोका उपासमारीचा आहे. धावताना दर किलोमीटरला, वजनाच्या दर किलोमागे साधारण एक किलोकॅलरी खर्च होते. 50 किलोची मुलगी दिवसाला 25 किलोमीटर धावली, तर 1,250 किलोकॅलरी नुसत्या पळण्यात गेल्या. एवढं रोजच्या जेवणाच्या वर खायला हवं. ते मिळालं नाही की शरीर काटकसर सुरू करतं आणि सर्वांत आधी पाळी थांबवतं. बऱ्याच मुली हे चांगलं लक्षण समजतात, कटकट गेली म्हणतात. काही प्रशिक्षकही ‘आता शरीर तयार झालं’ म्हणतात. हा सर्वांत घातक गैरसमज आहे. पाळी थांबली म्हणजे इस्ट्रोजेन घटलं, हाडं ठिसूळ व्हायला लागली आणि फ्रॅक्चर वाट बघतंय. आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने 2014 मध्ये या अवस्थेची सविस्तर मांडणी केली. तीन महिने पाळी आली नाही तर किलोमीटर कमी करायचे, खाणं वाढवायचं आणि स्त्रीरोगतज्ज्ञाकडे जायचं. यात लाजण्यासारखं काही नाही.

आणि हे आपल्या जिल्ह्याला सांगावं लागतं, याचं मला फार वाईट वाटतं. कोल्हापूरला खुराक म्हणजे काय हे शिकवायची गरज नाही. तालमीतल्या पोरासाठी म्हैस राखली जाते, बदाम घोटले जातात, थंडाई होते. घरचे काटकसर करतील पण पैलवानाचा खुराक तुटू देणार नाहीत. त्याच घरातली मुलगी पहाटे उसाच्या कडेने पंधरा किलोमीटर पळून येते, चहा-बटर खाऊन कॉलेज गाठते आणि रात्री सगळ्यांचं झाल्यावर उरलंसुरलं जेवते. गरिबीने धावपटू घडतात, उपाशी पोटी जिद्द वाढते, असल्या गोष्टी बातम्यांतून इतक्यांदा सांगितल्या गेल्या की आपल्याला त्या खऱ्या वाटू लागल्या. कविता आणि ललिता साध्या, कष्टाच्या घरांतून आल्या हे खरं. पण त्यांना उंचीवर नेलं ते पुढच्या वर्षांतल्या शिस्तशीर प्रशिक्षणाने, राष्ट्रीय शिबिरांनी, पोटभर आहाराने आणि विश्रांतीने. हाल सोसून त्या पुढे गेल्या, हालांमुळे नव्हे.

खुराक महाग असायला हवा असंही नाही. भाकरी, डाळ-भात, उसळ, दूध-दही, शेंगदाणे, गूळ, केळी, अंडी, जमेल तसं मटण-मासे. व्यायामानंतर अर्ध्या-एक तासात काहीतरी पोटात गेलं पाहिजे, हा वेळेचा नियम मात्र पाळायचा. आणि वर्षातून दोनदा रक्त तपासायचं. 2019 ते 2021 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातल्या 15 ते 49 वयाच्या निम्म्याहून अधिक स्त्रियांना रक्तक्षय आढळला. हिमोग्लोबिन 12 च्या खाली असेल तर प्रशिक्षक कितीही ओरडला तरी वेग वाढत नाही, कारण प्राणवायू वाहून न्यायला तेच लागतं. मुलगी आळशी झालेली नसते, तिचं लोह कमी झालेलं असतं. जिममध्ये मिळणाऱ्या, लेबल नीट नसलेल्या पावडरीला हात लावू नये. त्यात बंदी असलेलं औषध निघालं तर ‘मला माहीत नव्हतं’ म्हणून सुटका होत नाही. शरीरात काय गेलं याची जबाबदारी खेळाडूचीच धरली जाते.

वयाबद्दल थोडक्यात. लग्न झालं, पंचविशी उलटली, आता काय पळणार, असं बोलणाऱ्यांना तारखा दाखवाव्यात. कविता रिओला धावली ती लग्नानंतर. रोमानियाची कॉन्स्टंटिना दिता 2008 ला ऑलिम्पिक मॅरेथॉन जिंकली तेव्हा 38 वर्षांची होती. ऑस्ट्रेलियाची शिनेड डायव्हर दोन मुलांची आई, टोकियो ऑलिम्पिकमध्ये 44 व्या वर्षी दहावी आली. दम आणि सहनशक्ती वर्षानुवर्षं साठत जाते, म्हणून या खेळात तिशी ही ऐन उमेदीची असते. आपल्याकडे तिशीआधी थांबावं लागतं ते बहुतेक वेळा घरच्या आणि सासरच्या घड्याळामुळे.

राहिला पैसा. मॅरेथॉनमध्ये बाईला कमी मिळतं, हे मोठ्या शर्यतींबाबत खरं नाही. मुंबई मॅरेथॉनमध्ये विजेत्या स्त्री-पुरुषांना सारखं बक्षीस असतं, आणि अलीकडच्या वर्षांत पहिल्या भारतीय स्त्रीला आणि पुरुषाला प्रत्येकी 5 लाख रुपये मिळत आले आहेत. पण वर्षातून दोनच मॅरेथॉन धावायच्या, त्यातली एक दुखापतीत गेली, तर बक्षिसावर घर चालत नाही. म्हणून भारतात या कारकिर्दीचा कणा म्हणजे खेळाडू म्हणून मिळालेली नोकरी. ललिता रेल्वेत होती, पुढे राज्याच्या महसूल सेवेत अधिकारी झाली. कविता ओएनजीसीत होती. महाराष्ट्रात शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंसाठी 5 टक्के आरक्षण आहे. त्यासाठी स्पर्धा अधिकृत असावी लागते आणि क्रीडा प्रमाणपत्राची पडताळणी करून घ्यावी लागते. मंडळाच्या शर्यतीचं प्रमाणपत्र तिथे चालत नाही. जिल्हा आणि राज्य ॲथलेटिक्स संघटनेच्या, शालेय आणि विद्यापीठ स्पर्धांच्या कागदांची फाईल पहिल्या वर्षापासून जपून ठेवावी.

नोकरी लागली की पळणं संपलं, असं आपल्याकडे गृहीत धरलं जातं. भरती झाली, पेढे वाटले, बूट माळ्यावर. पण पोलीस दलाच्या स्वतःच्या क्रीडा स्पर्धा असतात, रेल्वेचे संघ असतात, सरावाला वेळ मागता येतो. बावीस वर्षांची मुलगी भरती होते तेव्हा तिच्या हातात पहिल्यांदा स्वतःचा पगार येतो, आणि त्यातून ती स्वतःचा खुराक स्वतः घेऊ शकते. कविताने गुवाहाटी जिंकली त्या वयाला पोचायला तिच्याकडे अजून आठ वर्षं असतात.